हळू आवाजाचा नट : अशोककुमार आणि हिंदी बोलपटाची पन्नास वर्षे

मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये ‘जीवन नैया’ या बोलपटाचे काम मध्येच अडले. नायक नज्मुल हसन आणि नायिका देविकाराणी हे दोघेही स्टुडिओ सोडून कलकत्त्याला निघून गेले होते. देविकाराणी परत आल्या. स्टुडिओचे संस्थापक हिमांशू राय यांच्या त्या पत्नी. नायकाला मात्र पुन्हा घ्यायला राय तयार नव्हते. नवा नायक हवा होता आणि तो लगेच हवा होता. राय यांची नजर गेली ती स्टुडिओच्याच प्रयोगशाळेत काम करणाऱ्या कुमुदलाल गांगुली या तरुण साहाय्यकावर. जर्मन दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांना ही निवड पसंत नव्हती. खुद्द कुमुदलाललाही नट व्हायचे नव्हते, त्याला ओढ होती ती तंत्राची. तरीही तो कॅमेऱ्यापुढे उभा राहिला. त्याचे नाव बदलून अशोककुमार ठेवण्यात आले आणि १९३६ साली ‘जीवन नैया’ पडद्यावर आला.

हा माणूस १३ ऑक्टोबर १९११ रोजी भागलपूरला जन्मला आणि खांडव्यात वाढला. वडील वकील होते. मुलानेही वकील व्हावे म्हणून त्याला कलकत्त्याला कायदा शिकायला धाडले होते. ते शिक्षण मागे टाकून तो मुंबईला बहिणीच्या यजमानांकडे आला. हे मेहुणे म्हणजे शशधर मुखर्जी. ते बॉम्बे टॉकीजच्या ध्वनिमुद्रण खात्यात होते. म्हणजे एक मेहुणा आवाजाच्या खात्यात आणि दुसरा फिल्म धुण्याच्या खात्यात. हिंदी बोलपटाचा पहिला मोठा नैसर्गिक नट नाटकाच्या तालमीतून आला नाही, यंत्रांच्या शेजारून आला. पुढच्या पन्नास वर्षांचे बरेचसे रहस्य इथे आहे.

ते कसे? त्यासाठी त्या काळचा अभिनय डोळ्यांपुढे आणावा लागेल. ‘आलम आरा’ १९३१चा. बोलपटाला तेव्हा जेमतेम पाच वर्षे झाली होती. नट कुठून आणायचे? पारशी रंगभूमीवरून. आपल्याकडे संगीत नाटकातून. त्या नटांना शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची सवय होती, आणि तीच त्यांची कमाई होती. मायक्रोफोन मात्र हातभर अंतरावर टांगलेला असे. त्याला शेवटची रांग ठाऊक नव्हती. १९३५ साली प्रभातने ‘धर्मात्मा’मध्ये बालगंधर्वांना एकनाथांच्या भूमिकेत उभे केले. ज्या गायकनटावर अवघा महाराष्ट्र जीव ओवाळून टाकत होता, तो पडद्यावर त्या तोलाचा ठरला नाही. इथे एक अपवाद नोंदवायलाच हवा. पुढच्याच वर्षी ‘संत तुकाराम’मध्ये विष्णुपंत पागनीसांनी, तेही रंगभूमीवर स्त्रीभूमिका करून आलेले असताना, कॅमेऱ्यापुढे जो शांतपणा दाखवला तो आजही थक्क करतो. म्हणजे नाटकातून आलेल्या प्रत्येकाला पडदा परका वाटला असे नाही. पण पागनीसांना पुष्कळ विसरावे लागले असणार. अशोककुमारांना विसरण्यासारखे काही नव्हतेच.

याची किंमतही त्यांनी मोजली. १९३६च्याच ‘अछूत कन्या’मध्ये ब्राह्मणाचा मुलगा प्रताप आणि रेल्वे फाटकावरच्या दलित गेटमनची मुलगी कस्तुरी यांची कथा आहे. दिग्दर्शन ऑस्टेन यांचे, कॅमेरा जोसेफ विर्शिंग यांचा. त्यातले अशोककुमार आज पाहिले तर पहिल्यांदा जाणवतो तो त्यांचा अवघडलेपणा. हातांचे काय करावे ते त्यांना कळत नाही. देविकाराणी त्यांच्याहून कितीतरी सराईत आहेत. त्या काळी नटाला स्वतःच गावे लागे. पार्श्वगायन रुळलेले नव्हते आणि अशोककुमार काही तालमीतले गवई नव्हते. म्हणून संगीतकार सरस्वतीदेवींनी त्यांच्यासाठी चाली सोप्या बांधल्या. (सरस्वतीदेवी म्हणजे मूळच्या खुर्शीद होमजी. पारशी समाजातल्या विरोधामुळे त्यांना नाव बदलून काम करावे लागले.) पण त्या अवघडलेल्या मुलाचे बोलणे कान देऊन ऐकावे. तो घरात बोलल्यासारखा बोलतो. समोरचा माणूस दोन हातांवर आहे हे त्याला कळते. १९३६च्या हिंदी पडद्यावर ही लहान गोष्ट नव्हती.

पुढची शिकवणी एका मराठी अभिनेत्रीने दिली. ‘कंगन’ (१९३९), ‘बंधन’ (१९४०) आणि ‘झूला’ (१९४१) या तीन चित्रपटांत लीला चिटणीस त्यांच्या नायिका होत्या. लीलाबाई मराठी रंगभूमीवरून आलेल्या, शिकलेल्या, स्वतंत्र बाण्याच्या. डोळ्यांनी बोलण्याची कला आपण त्यांच्याकडून शिकलो, असे अशोककुमारांनी पुढे कबूल केले. या तीन चित्रपटांत हात सैल होतात, नजर ठरते, वाक्यांच्या मधल्या जागा बोलू लागतात. नट पडद्यावर, प्रेक्षकांच्या देखत घडतो आहे, हे पाहण्याचा योग फार थोड्यांच्या बाबतीत येतो.

दरम्यान स्टुडिओ हलला होता. १९३९ साली महायुद्ध सुरू झाले आणि बॉम्बे टॉकीजच्या जर्मन मंडळींना इंग्रज सरकारने अटकेत टाकले. १९४० साली हिमांशू राय वारले. कारभारावरून देविकाराणी आणि शशधर मुखर्जी यांचे दोन गट पडले. अशा मोडकळीच्या दिवसांत, १९४३ साली ‘किस्मत’ आला. दिग्दर्शक ज्ञान मुखर्जी, संगीत अनिल विश्वास यांचे. नायक कोण? पाकीटमार. तुरुंगातून सुटतो तोच मुळी पुन्हा चोरी करायला. तोवरचा नायक सोसणारा, त्याग करणारा, बापाच्या शब्दाखातर प्रेम सोडणारा. हा मात्र हसत हसत खिसा कापतो आणि प्रेक्षक त्याच्या बाजूने उभे राहतात. कलकत्त्याच्या रॉक्सी चित्रगृहात हा चित्रपट तीन वर्षांहून अधिक काळ चालला.

हे यश कशाचे होते? ‘चले जाव’ चळवळीला वर्षही झाले नव्हते. चित्रपटातल्या एका गाण्यात शत्रू म्हणून जर्मन आणि जपानी यांची नावे घेतली होती. सेन्सॉरने ती वाचून परवानगी दिली आणि लोकांनी ते गाणे कोणाला उद्देशून आहे ते बरोबर ओळखले. हा एक भाग झाला. पण चोराला नायक करून तो लोकांच्या गळी उतरवायला नट तसाच लागतो. हाच पाकीटमार शेखर एखाद्या गर्जणाऱ्या नटाने केला असता तर तो गुंड दिसला असता किंवा विदूषक. अशोककुमारांनी त्याला सभ्य ठेवला. आवाज चढवायचा नाही, सिगारेट पेटवायला जितका वेळ लागतो तितका खुशाल घ्यायचा, आणि गुन्हा असा करायचा की ती रोजची नोकरीच आहे. पुढच्या कित्येक दशकांतले गुन्हेगार नायक, हरवलेली आणि अखेरीस सापडलेली मुले, यांची वाट ‘किस्मत’ने आखून दिली.

त्याच वर्षी मुखर्जी, अशोककुमार आणि मंडळींनी गोरेगावात फिल्मिस्तान काढली. पगारी नटांचे, कंपनीच्या शिस्तीचे दिवस संपत आले होते. युद्धकाळातला पैसा चित्रपटांत येत होता आणि नट चित्रपटागणिक सौदा करू लागले होते. फिल्मिस्तानात कथालेखक म्हणून सआदत हसन मंटो होते. १९४६च्या ‘आठ दिन’मध्ये मंटोंनी एक छोटी भूमिकाही केली. पुढे अशोककुमार सहकारी सावक वाच्छांबरोबर पुन्हा बॉम्बे टॉकीजमध्ये परतले, तेव्हा फाळणीच्या आगीत मुंबई होरपळत होती. स्टुडिओत मुसलमान लेखक, दिग्दर्शक, संगीतकार पुष्कळ होते, आणि त्यांना काढा म्हणून धमकीची पत्रे येत होती. कोणालाही काढले गेले नाही. मंटोंनी नंतर एक प्रसंग लिहून ठेवला आहे. दंगलीच्या दिवसांत ते आणि अशोककुमार मोटारीतून एका मुस्लिम वस्तीत अडकले. मंटोंचा जीव मुठीत. आपल्यासोबत असलेल्या या हिंदू नटाला काही झाले तर? जमाव मोटारीपाशी आला, त्याने अशोककुमारांना ओळखले, आणि पुढचा रस्ता बंद आहे, बाजूच्या गल्लीने जा, असे सांगून त्यांना वाट दाखवली. लोकप्रियता या शब्दाचा अर्थ त्या काळात काय होता, ते या प्रसंगावरून कळते.

त्या धमकीच्या पत्रांना बॉम्बे टॉकीजने उत्तर दिले ते चित्रपटांनी. १९४८चा ‘जिद्दी’: कथा इस्मत चुगताई यांची, दिग्दर्शन शाहिद लतीफ यांचे. देव आनंदला नाव मिळाले ते याच चित्रपटाने, आणि अशोककुमारांचा धाकटा भाऊ किशोर पार्श्वगायक म्हणून पहिल्यांदा गायला तो इथेच. १९४९चा ‘महल’: दिग्दर्शक कमाल अमरोही, त्यांचा हा पहिलाच चित्रपट. मधुबाला कोवळ्या वयाची. लता मंगेशकरांच्या आवाजाने देश भारला तो या चित्रपटातल्या गाण्याने. आणि कॅमेऱ्यामागे पुन्हा जोसेफ विर्शिंग. ‘अछूत कन्या’तला तो बावरलेला चेहरा ज्याने टिपला, त्यानेच तेरा वर्षांनी एका पछाडलेल्या माणसाचा चेहरा अंधारातून बाहेर काढला. त्यात अशोककुमार फारसे काही करत नाहीत. ऐकतात, पाहतात, जिना चढतात. भीती प्रेक्षकांना वाटते.

पन्नासचे दशक उजाडले तेव्हा दिलीपकुमार, राज कपूर आणि देव आनंद ही त्रयी सिंहासनावर होती. अशोककुमार चाळिशीत आले होते. इथे बहुतेक नायकांचे जे होते ते त्यांचे का झाले नाही? विग घालून, कॉलेजची पुस्तके काखेत मारून ते दहा वर्षे आणखी रेटू शकले असते. त्यांनी तसे काही केले असेही नाही आणि केले नाही असेही नाही. १९५३ साली स्वतःच्या संस्थेतर्फे त्यांनी बिमल रॉय यांच्याकडून ‘परिणीता’ करवून घेतला आणि शेखर स्वतः केला, तेव्हा ते एकेचाळीस वर्षांचे होते. पण शरदबाबूंच्या कादंबरीतला तो घुम्या, अहंकारी, आतून पोळलेला तरुण त्यांना शोभला. मीनाकुमारी आणि बिमल रॉय या दोघांना त्या चित्रपटासाठी फिल्मफेअर पारितोषिके मिळाली. दरम्यान १९५१च्या ‘दीदार’मध्ये त्यांनी दिलीपकुमारांसमोर उभे राहून मध्यभाग सोडून देण्याचे धाडस केले होते. पुढच्या अनेक वर्षांचा हा पाया होता. मध्यभाग सोडला तरी चित्रपट सोडायचा नाही.

१९५८ सालचे दोनच चित्रपट शेजारी ठेवून पाहावेत. ‘हावरा ब्रिज’मध्ये ते मधुबालाचे नायक आहेत. ‘चलती का नाम गाडी’मध्ये तेच स्त्रीजातीचा तिटकारा असलेले, मुष्टियुद्ध खेळणारे, धाकट्या भावांना धाकात ठेवणारे मोठे भाऊ आहेत. त्यांचे सख्खे भाऊ किशोर आणि अनूप तिथे धमाल करतात आणि हे मख्खपणे मध्ये उभे राहतात. विनोदाचा निम्मा भार त्या मख्ख चेहऱ्यावर आहे.

आणि मग आले साठचे दशक. या नटाच्या कारकिर्दीतला सर्वांत समृद्ध काळ हाच, आणि इथे थोडे रेंगाळायला हवे.

एव्हाना प्रेक्षकांचा या चेहऱ्यावर विश्वास बसला होता. पाव शतक ओळखीचा, घरातल्या थोरल्यासारखा माणूस. लोक त्यांना ‘दादामुनी’ म्हणू लागले ते काही उगीच नव्हे. हुशार दिग्दर्शकांनी हा विश्वासच कथेचे साधन केला. बी. आर. चोप्रांनी १९६०च्या ‘कानून’मध्ये त्यांना न्यायाधीश केले आणि त्याच न्यायाधीशावर खुनाचा संशय आणला. चित्रपटात एकही गाणे नाही, त्या काळी हे केवढे साहस! प्रेक्षक अडीच तास खुर्चीला खिळून राहिले, कारण हा माणूस खून करील यावर विश्वास बसत नव्हता आणि डोळ्यांनी तर पाहिले होते. विजय आनंदने १९६७च्या ‘ज्वेल थीफ’मध्ये हीच किल्ली उलटी फिरवली. तिथे सगळ्यांचा आधार वाटणारा नायिकेचा सभ्य भाऊच अखेरीस खरा चोर निघतो. संशय त्यांच्यावर कोणी घेतलाच नाही. दुसरा कुठलाही नट घेतला असता तर तो चित्रपट मध्यंतरातच फुटला असता.

‘गुमराह’ (१९६३) याहून अवघड. पहिली पत्नी गेल्यावर मुलांसाठी मेहुणीशी लग्न केलेला बॅरिस्टर. पत्नीचे मन दुसरीकडे आहे. हिंदी चित्रपटात असा नवरा एक तर राक्षस असतो नाही तर देव. अशोककुमारांचा बॅरिस्टर या दोन्हींपैकी काहीच नाही. त्याला सगळे कळलेले आहे आणि तो जेवताना काही बोलत नाही, एवढेच ते दाखवतात. याच चित्रपटात सोलापूरच्या शशिकला यांनी पत्नीला छळणाऱ्या बाईची भूमिका केली आणि पारितोषिक मिळवले. दोघांच्या अभिनयाच्या जाती किती वेगळ्या, आणि दोन्ही किती पक्क्या!

त्याच वर्षीचा ‘बंदिनी’. बिमल रॉय यांचा अखेरच्या काळातला आणि अनेकांच्या मते सर्वोत्तम चित्रपट. क्रांतिकारक विकास घोष, ज्याने कल्याणीला वचन दिले आणि पाळले नाही. शोभना समर्थ यांची कन्या नूतन हिची कल्याणी हा हिंदी अभिनयाचा एक मानदंड आहे. त्या कल्याणीने तरण्या, सज्जन, देखण्या डॉक्टरला सोडून या खोकणाऱ्या, खंगलेल्या माणसाकडे का धावावे? पटकथेत याचे उत्तर फार थोड्या शब्दांत आहे. ते उत्तर अशोककुमारांच्या आवाजात आहे. घाटावरच्या त्या दृश्यात तो आवाज इतका खाली गेलेला आहे की ऐकण्यासाठी पुढे झुकावे लागते. ‘अछूत कन्या’तल्या मुलाने बोलायला जिथून सुरुवात केली होती, तिथेच हा नट सत्तावीस वर्षांनी पोचला होता. फरक इतकाच की आता त्याला आपण काय करतो आहोत ते ठाऊक होते.

१९६७ साली तपन सिन्हांच्या ‘हाटे बाजारे’ या बंगाली चित्रपटात त्यांनी गोरगरिबांत रमणारा डॉक्टर रंगवला. त्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. १९६८ साली हृषीकेश मुखर्जींचा ‘आशीर्वाद’ आला. जोगी ठाकूर हा गाण्याचा वेडा जमीनदार एका मुलीची अब्रू वाचवताना खून करतो, तुरुंगात जातो, आणि सुटल्यावर स्वतःच्या मुलीच्या लग्नात ओळख न देता भिकाऱ्यांच्या पंगतीला बसतो. कथा भडक होऊ शकली असती, आणि काही ठिकाणी ती होतेही. पण या भूमिकेने त्यांना उत्कृष्ट अभिनेत्याचे राष्ट्रीय पारितोषिक दिले ते योग्यच होते. याच चित्रपटात मुलांना जमवून ते आगगाडीचे गाणे म्हणतात, एका श्वासात, शब्दांवर शब्द, गाडीच्या वेगाने. रचना हरींद्रनाथ चट्टोपाध्याय यांची. सत्तावन्नाव्या वर्षी, पार्श्वगायनाच्या सुवर्णकाळात, पहिल्या पिढीतला हा नट पुन्हा स्वतःच्या आवाजात गात होता.

सत्तरच्या दशकाबद्दल खरे तेच सांगायला हवे. त्या काळात त्यांनी पुष्कळ चित्रपट केवळ केले. रेशमी गाऊन, पाइप, हवेली, रागावलेला बाप. असे कित्येक चित्रपट कारकिर्दीतून वजा केले तरी काहीही कमी होणार नाही. पण त्याच गर्दीत ‘पाकीजा’ आहे. पन्नासच्या दशकात सुरू झालेला हा चित्रपट १९७२ साली पूर्ण झाला. सुरुवातीला नायक म्हणून अशोककुमारांचाच विचार झाला होता. प्रत्यक्षात ते त्यात नायिकेचे वडील झाले. कॅमेरामन विर्शिंग यांचे तर चित्रपट पुरा होण्याआधीच, १९६७ साली, निधन झाले.

आणि त्याच गर्दीत दिग्दर्शक बासू चटर्जींचे चित्रपट आहेत. मध्यमवर्गाचा, बसच्या रांगेतला, ऑफिसातला सिनेमा तेव्हा नुकताच आकार घेत होता. ‘छोटी सी बात’मध्ये अमोल पालेकरांचा भित्रा अरुण खंडाळ्याला एका निवृत्त कर्नलकडे धीटपणाचे धडे घ्यायला जातो. तो कर्नल अशोककुमारांनी असा केला आहे की नव्या पिढीच्या नटाला जुन्या पिढीने खरोखरच शिकवणी दिल्यासारखी वाटते. ‘खट्टा मीठा’मध्ये ते मुंबईचे पारशी विधुर झाले. ‘शौकीन’मध्ये (१९८२) उत्पल दत्त आणि ए. के. हंगल यांच्यासोबत गोव्याला निघालेले तीन म्हातारे. सत्तरीतल्या नटाने वार्धक्यातली वासना, तिचा केविलवाणेपणा आणि तिची माणुसकी इतक्या सहजपणे दाखवावी, याला धैर्य लागते.

उरला तो छोटा पडदा. ७ जुलै १९८४ रोजी दूरदर्शनवर ‘हम लोग’ सुरू झाली. मनोहर श्याम जोशी यांची ही मालिका सतरा महिने चालली. प्रत्येक भागाच्या शेवटी अशोककुमार येत आणि घडलेल्या गोष्टींबद्दल प्रेक्षकांशी चार शब्द बोलत. कथेत भूमिका नव्हती, वेशभूषा नव्हती, संवाद टाकायला समोर कोणी नव्हते. देशभरच्या बैठकीच्या खोल्यांत जाऊन बोलायचे होते. ज्या माणसाने १९३६ साली शेवटच्या रांगेकडे न बघता जवळच्या माणसाशी बोलायला सुरुवात केली, त्याच्यासाठीच जणू हे माध्यम शोधले गेले होते. त्यांच्या पिढीतले किती नट हे करू शकले असते?

१९८८ साली त्यांना दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला. त्याच्या आदल्या वर्षी, १३ ऑक्टोबरला, म्हणजे नेमके त्यांच्या वाढदिवशी, किशोरकुमार गेले होते. १० डिसेंबर २००१ रोजी चेंबूरच्या राहत्या घरी, नव्वदाव्या वर्षी, अशोककुमारांचे निधन झाले.

मालाडचा स्टुडिओ कधीच बंद पडला आहे. आवाराला लोक अजून बॉम्बे टॉकीज म्हणतात, आत छोटे कारखाने आहेत. पण चित्रपट वाचले, आणि त्याचे श्रेय पुण्याला आहे. लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासाठी पी. के. नायर यांनी ‘जीवन नैया’, ‘अछूत कन्या’, ‘कंगन’, ‘बंधन’ यांच्या प्रती मिळवून ठेवल्या. श्रोतेहो, एक विनंती आहे. संधी मिळेल तेव्हा ‘अछूत कन्या’ आणि ‘बंदिनी’ हे दोन चित्रपट लागोपाठ पाहा, आणि दोन्हींत एकेका दृश्याला डोळे मिटून फक्त तो आवाज ऐका.